पेटलेले तळे आणि जिवंत आशा

अभ्यासासाठी वचने: यहेज्केल ४७:१-१२, यिर्मया ३२:१-१५, रोमकरांस पत्र ८:१८-२५



पाणी पेटलेले तुम्ही कधी पाहिले आहे काय? बेंगळुरूच्या आग्नेयेस असलेल्या बेळ्ळंदूर तलावाने ते दृश्य एकदा नव्हे, पुन्हा पुन्हा दाखवले. मे २०१५ मध्ये तलावावर साचलेल्या फेसाने पेट घेतला. फेब्रुवारी २०१७ मध्ये तलावातून उठलेले धुराचे लोट दूरवरून दिसले. १९ जानेवारी २०१८ रोजी लागलेली आग तर अग्निशमन दलाला एकट्याने आवरेना. लष्कराचे जवान मदतीला उतरले.

त्या आगीनंतरच्या आठवड्यात आमच्या भागातील एका घरी प्रार्थनासभा होती. सर्जापूर रोड, बेळ्ळंदूर, मारतहळ्ळी या पट्ट्यात नोकरीनिमित्त आलेली पुष्कळ मराठी कुटुंबे राहतात, हे तुम्हांला ठाऊकच आहे. त्यांतली सहा-सात कुटुंबे त्या दिवशी जमली होती. गीत झाले, प्रार्थना झाली आणि बोलणे आगीवर आले. एक बंधू म्हणाले, “हे सगळे शेवटल्या काळाचे चिन्ह आहे. ही पृथ्वी एक दिवस जळूनच जायची आहे. आपले काम आत्मे वाचवण्याचे, तळी वाचवण्याचे नाही.” बहुतेकांनी आमेन म्हटले. मीही म्हटले. मग मी उठून खिडकी लावली, कारण तलावाकडून वास येत होता.

ती लावलेली खिडकी माझ्या मनातून गेली नाही. आजचा अभ्यास तिच्यापासूनच सुरू झाला आहे. आपली आशा स्वर्गात ठेवलेली आहे, हे खरे. पण त्या आशेने आपण खिडकी उघडायची की लावून घ्यायची, हा प्रश्न आहे. जी आशा आपल्याला शेजाऱ्याच्या धुराकडे पाठ फिरवायला शिकवते, ती पवित्र शास्त्रातली आशा आहे काय, हे आज आपण वचनाच्या प्रकाशात तपासून पाहू या.

तळे का पेटले?

प्रथम वस्तुस्थिती समजून घेऊ. रोग न ओळखता केलेली प्रार्थना बहुधा मोघम राहते, असा माझा अनुभव आहे.

बेंगळुरूला मोठी नदी नाही. समुद्रसपाटीपासून सुमारे ९०० मीटर उंचीच्या पठारावर हे शहर वसले आहे. जुन्या लोकांनी उताराच्या वाटांवर बांध घालून तळी केली. एक तळे भरले की सांडव्यावरून पाणी पुढच्या तळ्यात जाई, तेथून त्याच्या पुढच्या. कन्नडमध्ये तळ्याला ‘केरे’ म्हणतात आणि तळ्यांना जोडणाऱ्या मोठ्या ओढ्याला ‘राजकालुवे’. बेळ्ळंदूर हे शहरातले सर्वांत मोठे तळे, सुमारे ९०० एकरांचे. कोरमंगला-चल्लघट्टा खोऱ्याचे पाणी येथे उतरते, येथून ते वर्तूर तलावात जाते आणि तेथून दक्षिण पिनाकिनी नदीने तमिळनाडूत. या पाण्यावर भाताची खाचरे पिकत होती, कोळी जाळी टाकत होते, गुरे धुतली जात होती. हे सगळे आजच्या म्हाताऱ्या माणसांच्या आठवणीतले आहे.

शहर वाढले. पिण्याचे पाणी सुमारे शंभर किलोमीटर दूर असलेल्या कावेरीतून पंपांनी वर चढवून आणावे लागले. ते आपल्या स्वयंपाकघरातून, न्हाणीघरातून, संडासातून वापरून झाले की पुन्हा उताराला लागते. ज्या ओढ्यांतून पूर्वी पावसाचे पाणी तळ्याकडे येई, त्याच ओढ्यांतून आता बारमाही मैलापाणी येऊ लागले. या शहराच्या सांडपाण्याचा फार मोठा वाटा वर्षानुवर्षे बेळ्ळंदूर तलावात उतरत राहिला आणि त्यातले बरेचसे शुद्ध न करताच.

मैलापाण्याबरोबर साबण आणि डिटर्जंट येतात, त्यांतून फॉस्फेट येते. त्यावर जलपर्णी माजते. ती कुजते, तळाशी गाळ साचतो, पाण्यातला प्राणवायू संपतो आणि गाळातून मिथेन वायू सुटू लागतो. पाणी सांडव्यावरून खाली पडताना घुसळले जाते आणि पांढरा फेस तयार होतो. यमलूरच्या बाजूला हा फेस वाऱ्याबरोबर उडून रस्त्यावर, दुचाकीस्वारांच्या अंगावर येई. तो अडवायला जाळ्या लावाव्या लागल्या. दुरून पाहणाऱ्याला बर्फ पडल्यासारखे वाटे. मुले फोटो काढत. काठावर सुकलेले गवत, तेलकट तवंग, साचलेला वायू आणि कोणीतरी पेटवून दिलेला कचरा, एवढे एकत्र आल्यावर आग लागायला वेळ लागत नाही. भारतीय विज्ञान संस्थेतील डॉ. टी. व्ही. रामचंद्र आणि त्यांचे सहकारी या तलावाचा अभ्यास करून हेच सांगत आले आहेत की, शुद्ध न केलेले सांडपाणी तळ्यात येणे थांबवल्याशिवाय बाकीचे उपाय टिकणार नाहीत.

कारखान्यांचा दोष आहेच. राष्ट्रीय हरित लवादाने २०१७ मध्ये स्वतःहून या प्रकरणाची दखल घेतली आणि तलावाच्या परिसरातील प्रदूषण करणारे कारखाने बंद करण्याचे आदेश दिले. डिसेंबर २०१८ मध्ये लवादाने कर्नाटक सरकारला ५० कोटी आणि बेंगळुरू महापालिकेला २५ कोटी रुपये भरण्यास सांगितले आणि न्यायमूर्ती संतोष हेगडे यांच्या अध्यक्षतेखाली देखरेख समिती नेमली. पुढे तलाव रिकामा करून गाळ काढण्याचे काम सुरू झाले आणि त्याच्या मुदती पुन्हा पुन्हा पुढे सरकल्या. हे सगळे वर्तमानपत्रांत आले आहे आणि त्यावर सरकारला बोल लावणे सोपे आहे.

पण आता मला एक कबुली द्यायची आहे. त्याच काळात मी आमच्या गृहसंकुलाच्या समितीवर होतो. आमच्याकडे सांडपाणी शुद्ध करण्याचे यंत्र, ज्याला सगळे ‘एसटीपी’ म्हणतात, ते आहे. त्यातले जिवाणू मैला खातात. त्यांना जगायला हवा लागते आणि हवा पुरवणारे ब्लोअर विजेवर चालतात. विजेचे बिल फार येते अशी तक्रार आली. ब्लोअर रात्री बंद ठेवावेत असा ठराव समितीने केला आणि त्यावर सही करणाऱ्यांत मी होतो. त्या रात्रींना आमचे पाणी कसे बाहेर पडत होते, हे मी कधी विचारले नाही. रविवारी मी स्तोत्र १०४ वाचत होतो, जिथे देव खोऱ्यांत झरे वाहवतो आणि रानातले पशू येऊन तहान भागवतात. वाचताना आवाजही चढत असे.

होशेयच्या चौथ्या अध्यायातील पहिली तीन वचने काढून पाहा. संदेष्टा प्रथम माणसांचे पाप सांगतो: खोटी शपथ, चोरी, रक्तपात. आणि लगेच म्हणतो की म्हणूनच देश शोक करतो. रानातले पशू, आकाशातले पक्षी, एवढेच काय समुद्रातले मासेही नाहीसे होतात. माणसाच्या पापाचा हिशेब मासे भरतात. मार्च २०१६ मध्ये याच शहरात अलसूर तलावाच्या काठी मेलेल्या माशांचा खच पडला होता, तो पाहिलेल्यांना हे वचन समजावून सांगावे लागत नाही.

ही पृथ्वी जळूनच जायची आहे काय?

आमच्या सभेतल्या बंधूंचे म्हणणे मी हलक्यावर घेत नाही. त्यांच्यापुढे एक वचन होते, २ पेत्र ३:१०. तेथे प्रभूचा दिवस चोरासारखा येईल, आकाश मोठ्या नादाने जाईल, मूलतत्त्वे तापून विरतील, असे सांगितले आहे. यावरून पुष्कळ विश्वासणारे असा निष्कर्ष काढतात की जे जळणारच आहे त्याची डागडुजी कशाला?

पण पेत्राचा युक्तिवाद सुरुवातीपासून वाचला पाहिजे. सहाव्या वचनात तो नोहाच्या काळच्या जलप्रलयाचे उदाहरण घेतो. त्या वेळचे जग पाण्यात बुडून नष्ट झाले, असे तो म्हणतो. आता सांगा, जलप्रलयानंतर पृथ्वी उरली नव्हती काय? तारू त्याच पृथ्वीवरच्या डोंगराला टेकले. नाश झाला तो दुष्टाईने भरलेल्या जगव्यवस्थेचा. पृथ्वी न्यायातून पार पडली. आणि बाहेर आल्यावर देवाने करार केला तो केवळ नोहाशी नव्हे, तर त्याच्याबरोबर बाहेर आलेल्या प्रत्येक सजीव प्राण्याशी (उत्पत्ती ९:९-१७). या अध्यायात ही गोष्ट इतक्यांदा सांगितली आहे की ती आपल्या नजरेतून कशी सुटते, याचेच मला नवल वाटते.

दुसरी गोष्ट. दहाव्या वचनाच्या शेवटी पृथ्वी व तिच्यावरील कामे यांच्याविषयी काही भाषांतरांत ‘जळून जातील’ असा अर्थ येतो. परंतु सर्वांत जुन्या मोठ्या हस्तलिखितांत तेथे ‘सापडतील’, म्हणजे ‘उघडकीस येतील’ अशा अर्थाचे ग्रीक क्रियापद आहे. सोनाराच्या मुशीत सोने उरते आणि हीण वेगळे होते, तसे काहीसे. मग हे वचन हात झटकायला परवानगी देत नाही, उलट हिशेब मागते. आपण बांधलेल्या इमारती, सोडलेली गटारे, केलेले ठराव, सगळे उघडे पडणार आहे. पेत्र स्वतःच पुढच्या वचनात विचारतो की हे असे होणार असेल तर तुम्ही कसले जीवन जगले पाहिजे? आणि तेराव्या वचनात तो ज्याची वाट पाहतो त्याला तो नवे आकाश आणि नवी पृथ्वी म्हणतो. पृथ्वी हा शब्द तो टाकून देत नाही.

प्रकटीकरण ११:१८ येथेही थांबावे. न्यायाच्या वेळी देव ज्यांचा नाश करतो, त्यांच्यात पृथ्वीचा नाश करणारे आहेत. जाळणारा देव आहे म्हणून आपण निश्चिंत राहावे, असे म्हणताना आपण कोणत्या बाजूला उभे आहोत, ते एकदा पाहिलेले बरे.

राखणदार

उत्पत्ती १:२८ मध्ये मनुष्याला सत्ता दिली आहे. १९६७ मध्ये लिन व्हाइट या अमेरिकन इतिहासकाराने ‘सायन्स’ या नियतकालिकात एक लेख लिहून पर्यावरणाच्या संकटाचे मोठे ओझे पाश्चात्त्य ख्रिस्ती विचारावर टाकले, ते याच सत्तेच्या कल्पनेवरून. त्या आरोपात काही तथ्य नाही असे म्हणण्याची घाई मी करणार नाही. सत्ता या शब्दाचा अर्थ आपण फार काळ मालकी असाच केला. पण पुढच्याच अध्यायात (२:१५) देव मनुष्याला बागेत ठेवतो तेव्हा दोन कामे सांगतो. मूळ इब्री भाषेतले पहिले क्रियापद सेवा करण्याचे आहे. देवाच्या सेवेसाठीही तेच वापरले जाते. दुसरे आहे राखण्याचे, पहारा करण्याचे. अहरोनाच्या आशीर्वादात परमेश्वर तुझे संरक्षण करो असे आपण ऐकतो, तेथे हेच क्रियापद आहे. आणि काइनाने आपण भावाचे राखणदार आहोत काय असा उर्मट प्रश्न विचारला, तेथेही हेच आहे. म्हणजे बाग राखणे आणि भाऊ राखणे यांना पवित्र शास्त्र एकाच शब्दाने बांधते.

बेळ्ळंदूरच्या पाण्यात हे दोन्ही एकत्र दिसतात. आपण वरच्या मजल्यावर राहतो, पाणी खाली जाते. तलावाच्या आसपास पत्र्याच्या झोपड्यांत कचरा वेचणारी कुटुंबे राहतात. त्यांना खिडकी लावून घेता येत नाही. होसूरजवळच्या केलवरपल्ली धरणाच्या पाण्यावरही फेस येतो, तेथल्या शेतकऱ्याने आपले काय बिघडवले होते? मैल्याची टाकी साफ करायला उतरलेली माणसे गुदमरून मेल्याच्या घटना या शहरात घडल्या आहेत, आणि माणसाला असे उतरवणे २०१३ च्या कायद्याने गुन्हा आहे. यहेज्केल ३४:१८ मध्ये देव आपल्या कळपातल्या धष्टपुष्ट मेंढरांना विचारतो की तुम्ही निर्मळ पाणी पिता ते पुरे नाही काय, उरलेले पायांनी गढूळ कशाला करता? त्याची दुबळी मेंढरे तेच गढूळ पाणी पितात. हे वचन मी अनेक वर्षे मंडळीतल्या पुढाऱ्यांविषयीचे रूपक म्हणून शिकवले. रूपक आहेच. पण पाणी हे पाणीही आहे.

मंदिराच्या उंबऱ्याखालून

आता यहेज्केल ४७ कडे येऊ. हा अध्याय सावकाश वाचावा, घाई करू नये.

हा दृष्टान्त कधी मिळाला ते ४०:१ मध्ये दिले आहे. बंदिवासाचे पंचविसावे वर्ष. यरुशलेम पडून चौदा वर्षे झालेली. मंदिर उरलेले नाही. संदेष्टा परमुलखात आहे, नोकरीसाठी नव्हे, कैदी म्हणून. अशा माणसाला देव एक मंदिर दाखवतो आणि त्याच्या उंबऱ्याखालून झिरपणारे पाणी दाखवतो. दोरी घेतलेला पुरुष हजार हात मोजतो, पाणी घोट्यापर्यंत, आणखी हजार, गुडघ्यापर्यंत, मग कमरेपर्यंत, मग पोहण्याइतके. वाटेत कोणतीही उपनदी मिळालेली नाही, तरी ते वाढते. ते पूर्वेकडे वाळवंटात उतरते आणि क्षारसमुद्राला मिळते, जिथे मासा जगत नाही. आणि ते मेलेले पाणी बरे होते. एन-गेदीच्या काठावर कोळी जाळी वाळत घालतात.

त्या जाळ्यांपाशी मी दरवेळी थांबतो. देवाच्या वैभवाचा एवढा मोठा दृष्टान्त, आणि त्यात वाळत घातलेली जाळी! देवाला तळ्याच्या काठच्या माणसाचा धंदा ठाऊक आहे. बरे झालेले पाणी म्हणजे काय, हे तो मासेमारी पुन्हा सुरू झाल्यावरून ओळखायला सांगतो.

आपल्या शहराचे पाणी याच्या अगदी उलट चालते. तेही वरून खाली, पूर्वेकडे जाते. पण जितके पुढे जाते तितके अधिक मेलेले होते. कावेरीचे स्वच्छ पाणी आपल्या नळाला येते आणि आपल्या उंबऱ्याखालून फेस होऊन बाहेर पडते. उंबऱ्याखालून काय बाहेर पडते, यावर देवाचे घर ओळखायचे ठरले, तर प्रार्थनागृहे आणि प्रार्थना होणारी आपली घरे यांची परीक्षा कशी होईल?

अकरावे वचनही वगळू नका. त्या दृष्टान्तातही काही दलदलीच्या जागा बऱ्या होत नाहीत. त्या खाऱ्याच राहतात. काही अभ्यासक म्हणतात की मिठाची गरज म्हणून त्या राखून ठेवल्या. तसे असेल. मला मात्र त्यात प्रामाणिकपणा दिसतो. सगळे एकदम आणि आपल्या डोळ्यांदेखत सुधारेल असे वचन देवाने येथे दिलेले नाही.

आशा आणि आशावाद

येथे एक फरक स्पष्ट करायला हवा. आशावाद आकडे पाहून ठरतो. गाळ किती निघाला, निधी किती आला, यावर तो चढतो आणि उतरतो. बेळ्ळंदूरच्या बाबतीत आशावादी राहणे कठीण आहे. सप्टेंबर २०२२ च्या पावसात याच भागातले रस्ते नद्या झाले आणि मोठ्या पगाराची माणसे ट्रॅक्टरमध्ये उभी राहून कामावर गेली, ते तुम्ही पाहिलेच असेल. ज्या वाटा पाण्याच्या होत्या त्या आपण बुजवल्या. पाण्याने त्या परत मागितल्या.

ख्रिस्ती आशेचा आधार दुसरीकडे आहे, रिकाम्या कबरेत. युर्गेन मोल्टमान हे जर्मन ईश्वरविज्ञानी दुसऱ्या महायुद्धात युद्धकैदी होते. कैदेतच त्यांना ख्रिस्त भेटला. १९६४ मध्ये त्यांनी आशेच्या ईश्वरविज्ञानावर ग्रंथ लिहिला आणि दाखवून दिले की पुनरुत्थानावर विश्वास ठेवणारा माणूस आहे त्या परिस्थितीशी समेट करून बसू शकत नाही. पुढे १९८५ मध्ये त्यांनी सृष्टीविषयी स्वतंत्र ग्रंथ लिहिला. पौल रोमकरांस पत्राच्या आठव्या अध्यायात सृष्टीच्या कण्हण्याला प्रसूतिवेदना म्हणतो. मरणाऱ्याचे कण्हणे आणि बाळंतिणीचे कण्हणे बाहेरून सारखेच ऐकू येते. फरक कळतो तो उशाशी कोण थांबतो त्यावरून. बाळंतिणीपाशी सुईण बसून राहते. आणि २३ व्या वचनात पौल सांगतो की आत्म्याचे प्रथमफळ मिळालेले आपणही त्या कण्हण्यात सामील आहोत. आत्म्याने भरलेला मनुष्य सृष्टीच्या वेदनेपासून दूर नेला जात नाही, जवळ आणला जातो.

यिर्मयाचे शेत आठवा. बाबेलच्या सैन्याने यरुशलेमला वेढा घातला आहे, संदेष्टा पहारेकऱ्यांच्या चौकात कैदेत आहे, आणि चुलतभाऊ येऊन अनाथोथचे शेत विकत घे म्हणतो. ज्या जमिनीवर शत्रूचा तळ आहे ती कोण घेईल? यिर्मया सतरा शेकेल रुपे तोलून देतो, साक्षीदार बोलावतो, खरेदीखत मातीच्या मडक्यात ठेवायला सांगतो, म्हणजे ते पुष्कळ दिवस टिकेल. त्याने भाषण केले नाही, खरेदीखत केले. आशेचे काम बहुधा असेच रुक्ष असते: सही, साक्षीदार, मडके.

मंडळी काय करीत आली आहे?

जगभरची मंडळी या बाबतीत झोपलेली नव्हती, फक्त आपल्यापर्यंत बातमी उशिरा आली. १९८९ मध्ये ऑर्थोडॉक्स मंडळीचे कुलपती दिमित्रिओस यांनी १ सप्टेंबर हा सृष्टीसाठी प्रार्थनेचा दिवस ठरवला. आज अनेक मंडळ्या त्या दिवसापासून ४ ऑक्टोबरपर्यंत ‘सृष्टीचा हंगाम’ पाळतात. २०१० मध्ये केपटाऊन येथे जमलेल्या लोझान चळवळीच्या सुवार्तिक पुढाऱ्यांनी सृष्टीची काळजी हा सुवार्तेचाच भाग असल्याचे आपल्या जाहीरनाम्यात मांडले. पोप फ्रान्सिस यांच्या ‘लाउदातो सी’ या परिपत्रावर मे २०१५ ही तारीख आहे, म्हणजे बेळ्ळंदूरचा फेस पेटला तोच महिना. दक्षिण भारत मंडळीचा (सीएसआय) पर्यावरणविषयक स्वतंत्र विभाग आहे. ‘अ रोशा’ या ख्रिस्ती संस्थेची भारतातील शाखा बेंगळुरूमध्येच असून बन्नेरघट्टा परिसरात हत्ती आणि शेतकरी यांच्या संघर्षावर ती काम करते.

आपल्या मराठी घरातले उदाहरण मात्र मला सर्वांत जवळचे वाटते. वसईचे फादर फ्रान्सिस दिब्रिटो, ‘सुवार्ता’ मासिकाचे दीर्घकाळ संपादक, ‘सुबोध बायबल’चे कर्ते आणि २०२० च्या उस्मानाबाद साहित्य संमेलनाचे अध्यक्ष. आपल्यातील काहींना कॅथलिक धर्मगुरूचा दाखला देणे रुचणार नाही, हे मी जाणतो. तरी ऐकून घ्या. १९८० च्या दशकाच्या अखेरीस वसईच्या हिरव्या पट्ट्यावर बांधकामाचे सावट आले. केळीच्या बागा, पानमळे, फुलांच्या वाड्या आणि विहिरी यांचा तो मुलूख. टँकर भरभरून पाणी उपसले जात होते आणि वाड्यांच्या विहिरी खाऱ्या होण्याची भीती होती. तेव्हा ‘हरित वसई संरक्षण समिती’ उभी राहिली आणि फादर तिच्या आघाडीवर होते. त्या लढ्यात ख्रिस्ती होते तसे हिंदू आणि मुसलमान शेजारीही होते. सगळी वसई वाचली असे कोणी म्हणणार नाही. आज तेथे गेल्यास इमारती दिसतात. पण ज्या वाड्या उरल्या, त्या कोणीतरी उभे राहिले म्हणून उरल्या. जुलै २०२४ मध्ये फादर प्रभूकडे गेले. वसईची विहीर आणि बेळ्ळंदूरचा टँकर यांचे नाते मला त्यांच्यामुळे कळले; उन्हाळ्यात आपल्या संकुलात येणारा टँकर कोणाच्या तरी विहिरीतून, कूपनलिकेतून येतो, एवढेही मी आधी मनात आणले नव्हते.

आणि अगदी जवळचे. बेळ्ळंदूरपासून थोड्याच अंतरावर, सर्जापूर रोडला कैकोंड्रहळ्ळी तलाव आहे, सुमारे ४८ एकरांचा. तोही मरणपंथाला लागला होता. २००९ च्या सुमारास रहिवासी, पर्यावरण जाणणारी मंडळी आणि महापालिका एकत्र आली. सांडपाणी वळवले, गाळ काढला, झाडे लावली. आता तेथे पाणकावळे, बगळे येतात, शेजारच्या शाळेतली मुले येतात. हे काम ज्यांनी केले त्यांनी ते मंडळीच्या नावाने केले नाही. परमेश्वराने बंदिवानांना यिर्मया २९:७ मध्ये ज्या नगरात नेले त्या नगराचे हित साधायला सांगितले, ते या शेजाऱ्यांनी आपल्याआधी केले. त्याबद्दल लाजावे थोडे, आणि त्यांच्याबरोबर फावडे धरावे.

आमच्या गटाने काय केले, ते फार सांगण्यासारखे नाही. मी समितीच्या बैठकीत तो जुना ठराव पुन्हा मांडला आणि माझी सही चुकीची होती असे म्हटले. वाद झाला. एका शेजाऱ्याने विचारले की मग वाढीव बिल तुमचे चर्च भरणार काय? दोन बैठकांनंतर ब्लोअर रात्रीही सुरू झाले, महिन्याचा खर्च प्रत्येक घरामागे थोडा वाढला. प्रार्थनासभेतल्या चार घरांनी कपड्यांसाठी फॉस्फेट नसलेली पावडर आणायला सुरुवात केली. त्यांतल्या एका घराने ती पुढे सोडली, कारण कपडे पांढरे निघत नव्हते. ज्या बंधूंनी आत्मे आणि तळी यांचा प्रश्न काढला होता, ते अजून माझ्याशी पूर्ण सहमत नाहीत. पण गेल्या पावसाळ्याआधी ओढ्याच्या तोंडाशी अडकलेले प्लास्टिक काढायला ते आले होते, आणि काम करता करता शेजारच्या एका तरुणाला त्यांनी येशूविषयी सांगितलेही.

पुढच्या अभ्यासाला येताना यहेज्केल ४७ घरच्यांबरोबर मोठ्याने वाचून या. त्याआधी एक दिवस आपल्या इमारतीच्या सचिवांना किंवा तेथल्या एसटीपीवर काम करणाऱ्या माणसाला भेटा. त्याचे नाव विचारा. आपल्यापैकी बहुतेकांना ते ठाऊक नसते. टाकीत कोणाला उतरावे लागते काय, ब्लोअर किती तास चालतात आणि आपल्या उंबऱ्याखालून निघालेले पाणी शेवटी कोणत्या ओढ्याला लागते, हे त्याच्याकडून समजून घ्या. उत्तर मिळाले नाही, तर तसेच वहीत लिहून आणा. रोमकरांस ८:२६ प्रमाणे कशासाठी प्रार्थना करावी हे आपल्याला ठाऊक नाही. त्या पानापासून आपण सुरुवात करू.